उफराट्यांची गल्ली

भाची अमेरिकेहून सुट्टीला आली की तिच्या बॅगेतून माझ्यासाठी दोन गोष्टी निघतात. एक बदामाचं पाकीट आणि दुसरा एखादा प्रश्न. बदाम महिनाभरात संपतात, प्रश्न पुरतो.

या डिसेंबरातला प्रश्न सॅन फ्रान्सिस्कोचा होता. तिथल्या हेट-ॲशबरी नावाच्या वस्तीत तिनं पायी सहल केली होती. पैसे भरायचे, ठरलेल्या कोपऱ्यावर जमायचं आणि वाटाड्याच्या मागून दोन तास चालायचं. तो एकेका घरापाशी थांबतो आणि सांगतो, इथे अमका राहायचा, इथे तमका गायचा. 1967 च्या उन्हाळ्यात तिथे हजारो पोरं येऊन राहिली होती. युद्ध नको, नोकरी नको, बापाचं घर नको आणि केस कापायला तर मुळीच नको. जुनी लाकडी घरं, भाडं परवडणारं. 710 ॲशबरी या घरात ग्रेटफुल डेड नावाची गाणाऱ्यांची टोळी राहत होती. आता लोक त्या दारासमोर उभे राहून फोटो काढतात. डिगर्स नावाचा एक गट बागेत येईल त्याला फुकट जेवू घालायचा.

‘‘म्हणजे अन्नछत्र,’’ मी म्हणालो.

‘‘मामा, तसं नाही,’’ ती म्हणाली. कसं नाही, ते मात्र तिला सांगता येईना.

तिच्या बोलण्यातली एक गोष्ट माझ्या डोक्यात राहिली. ही वस्ती बघायला नेणारी सहल आजची नाही. पोरं तिथे राहत होती तेव्हाच, 1967 साली, एका बस कंपनीनं ‘हिप्पी हॉप’ नावाची फेरी सुरू केली होती. काचेआडून माणसं माणसांना बघायची. मग काही पोरं आरसे घेऊन बसच्या बाजूनं पळायला लागली, की बघा, तुम्हीच दिसताय. त्याच वर्षीच्या ऑक्टोबरात त्यांनी ‘हिप्पी’ची अंत्ययात्राही काढली. स्वतःचं बंड विकायला लागलं आहे, हे त्यांच्या लक्षात आलं होतं.

‘‘आपल्याकडे अशी गल्ली कुठली, मामा?’’

मी मुंबईचं नाव घेतलं. काळा घोडा. तिथल्या वेसाइड इनमध्ये कवी अरुण कोलटकर वर्षानुवर्षं येऊन बसायचे आणि खिडकीबाहेरचा चौक न्याहाळायचे. ते हॉटेल गेलं, कोलटकर 2004 साली गेले. ज्या घोड्यावरून नाव पडलं, तो सातव्या एडवर्डचा पुतळा तर 1965 सालीच तिथून हलवून भायखळ्याच्या राणीच्या बागेत नेला होता. 2017 साली चौकात नवा घोडा आला, त्याच्या पाठीवर कुणी स्वार नाही. मला ही बंडखोरीची बरी खूण वाटते. शिवाय साठच्या दशकातल्या लघुनियतकालिकांच्या धुमाळीत आपलाही माणूस होताच. भालचंद्र नेमाडे यावल तालुक्यातल्या सांगवीचे. त्यांची ‘कोसला’ कादंबरी 1963 साली आली, तेव्हा पुण्या-मुंबईच्या वाचकांना खानदेशातला पांडुरंग सांगवीकर पहिल्यांदा भेटला.

‘‘मुंबई नको,’’ भाची म्हणाली. ‘‘इथली सांग. जे गाडी पकडून गेले त्यांची नको. जे इथेच राहिले त्यांची.’’

धुळ्यात गल्ल्यांना तोटा नाही. खरं तर आमच्या गावाला गल्ल्यांशिवाय दुसरं काही फारसं नाही आणि त्यांना नावंही नाहीत, नंबर आहेत. पहिली गल्ली, दुसरी गल्ली, अशा सातव्यापर्यंत. 1818 साली खानदेश इंग्रजांकडे आला, कॅप्टन जॉन ब्रिग्ज इथे येऊन बसला आणि त्याच्या अमदानीत नवी पेठ आखली गेली, पट्टी लावून वहीवर रेघा माराव्यात तशी. पाहुण्यांना पत्ता सांगणं सोपं जातं, पण अशा गावात बंड कुठे शिरणार? बंडाला बोळ लागतो, वळण लागतं, पोलिसाला हुलकावणी देणारी मागची भिंत लागते. धुळ्यात पहिल्या टोकाला शिंकलं तर दुसऱ्या टोकाचा माणूस ‘शतायुषी हो’ म्हणेल.

तरी मी तिला म्हणालो, ‘‘उद्या सकाळी सातला तयार राहा. फी एक कप चहा.’’

आमच्याकडे चारचौघांसारखं न वागणाऱ्या माणसाला उफराट्या डोक्याचा म्हणतात. शिवी आणि कौतुक यांच्या मधोमध बसणारा शब्द आहे हा. आई मुलाला म्हणते तेव्हा कौतुक, सासू सुनेला म्हणते तेव्हा शिवी. मी आमच्या उफराट्यांची यादी मनात जुळवत झोपलो. ते एका गल्लीत काही मावत नव्हते.

सकाळी थंडी चांगली होती. आग्रा रोडवर दुकानांची शटरं खाली होती, पाच कंदिलाकडून भाजीच्या हातगाड्या येत होत्या, मफलर गुंडाळलेली माणसं पोह्यांच्या गाडीभोवती उभी होती. पहिला मुक्काम राजवाडे संशोधन मंडळ.

‘‘हा आमचा पहिला उफराटा,’’ मी सांगायला सुरुवात केली. ‘‘विश्वनाथ काशिनाथ राजवाडे. इंग्रजी उत्तम येत असून लिहायचं ते मराठीतच, असा हट्ट. तरुणपणी बायको गेली, पुन्हा लग्न केलं नाही. हातानं शिजवून खायचं आणि गावोगाव हिंडायचं. कशासाठी, तर जुने कागद. वाड्यांच्या माळ्यांवर, देवघराच्या कोनाड्यात, कुणाच्या अडगळीत वाळवीची वाट बघत पडलेली दप्तरं.’’ त्या कागदांतून ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’ उभी राहिली. पहिला खंड 1898 सालचा आणि सगळे मिळून बावीस खंड. साहेबानं लिहिलेला आपला इतिहास वाचून पोरं परीक्षा देत होती, त्या काळात हा माणूस लोकांच्या अडगळीत इतिहास आहे म्हणून दारोदार फिरत होता. अखेरच्या दिवसांत तो धुळ्यात राहिला आणि 31 डिसेंबर 1926 ला इथेच वारला. पुढच्याच महिन्यात भास्कर वामन भट आणि इतरांनी त्याच्या नावानं हे मंडळ काढलं.

भाचीनं दाराकडे पाहिलं, मग माझ्याकडे. ‘‘पण मामा, हे तर एस्टॅब्लिशमेंट वाटतं.’’

तिचं अगदीच चूक नव्हतं. राजवाड्यांची बुद्धी तिखट होती आणि जातीचा अभिमानही तितकाच तिखट. त्यांनी चांद्रसेनीय कायस्थ प्रभूंविषयी जे लिहिलं, त्याला प्रबोधनकार ठाकऱ्यांनी 1918 साली ‘कोदंडाचा टणत्कार’ लिहून जाहीर उत्तर दिलं. इंग्रजांसमोरचा उफराटा दुसऱ्या दारात सुलटाच असतो, कधी कधी तर दार अडवून उभा असतो. 710 ॲशबरीच्या वाटाड्याला हे सांगावं लागतं की नाही, कोण जाणे. मी सांगितलं. दाखवायचं तर पूर्ण दाखवावं.

तिथून श्री समर्थ वाग्देवता मंदिर. नाव ऐकून भाचीनं चपला काढायची तयारी केली. ‘‘इथे जी देवता आहे ती पोथ्यांची,’’ मी म्हणालो. शंकर श्रीकृष्ण देव हे धुळ्याचे वकील. त्यांनी 1893 साली सत्कार्योत्तेजक सभा काढली आणि मठामठांतून फिरून रामदासी संप्रदायाची बाडं गोळा केली. समर्थांच्या हातचं वाल्मिकी रामायण इथे आहे. मी ते पहिल्यांदा पाहिलं तेव्हा बँकेत नुकता लागलो होतो. काचेखाली पान होतं. ओळी अशा सरळ की खाली रेघ असावी असं वाटावं आणि रेघ कुठेच नाही. बोरूला शाई भरली की अक्षर जाड होतं, संपत आली की बारीक, पुन्हा जाड. त्या जाड-बारीकावरून माणसानं किती अक्षरांनंतर बोरू दौतीत बुडवला, हे मोजता येत होतं. मी मोजायलाच लागलो. शेजारचे गृहस्थ म्हणाले, ‘‘दर्शन घ्यायचं असतं, हिशेब नाही.’’ पण मला दर्शन तिथेच झालं होतं. कुणीतरी बसून, पाठ मोडेपर्यंत, दुसऱ्याचं म्हणणं आपल्या हातानं उतरवून घेतलं होतं. पुढे दासबोधही असाच झाला असं परंपरा सांगते; समर्थ बोलत गेले, शिष्य कल्याण लिहीत गेला.

इथपर्यंत येईतो आमच्या सहलीला कसलंच सूत्र नव्हतं. वाग्देवतेच्या दाराशी ते पहिल्यांदा हाताला लागलं, पण मी ते तेव्हा बोललो नाही. वाटाड्यानं सगळं आधीच सांगून टाकलं तर पुढच्या मुक्कामाला कोण येईल?

चहाच्या टपरीवर एक म्हातारबाबा बराच वेळ आमच्याकडे पाहत होते. डोक्याला टोपी, हातात बशी. भाची बंद दारांचे फोटो काढत होती. शेवटी त्यांना राहवलं नाही.

‘‘काय धुंडी राहिनात, भो?’’

मी सांगितलं, गाव दाखवतोय पोरीला. त्यांनी पहिल्या गल्लीकडे पाहिलं, दुसऱ्या गल्लीकडे पाहिलं, मग आम्हा दोघांना वरपासून खालपर्यंत न्याहाळलं आणि बशीतला चहा संपवला. भाची हळूच म्हणाली, ‘‘मामा, आरसा.’’

पुढे रिक्षा केली, तुरुंगाच्या भिंतीपर्यंत. रिक्षावाल्यानं विचारलं, ‘‘भेटायचंय का कुणाला?’’ मी हो म्हणालो.

सविनय कायदेभंगाच्या दुसऱ्या लाटेत 1932 साली धुळ्याचा तुरुंग सत्याग्रहींनी भरला होता. त्यात विनोबा होते, जमनालाल बजाज होते आणि अमळनेरच्या शाळेतली मास्तरकी सोडून चळवळीत उतरलेले पांडुरंग सदाशिव साने. कैद्यांनी विनोबांना गीतेवर बोलायला सांगितलं. 21 फेब्रुवारीला सुरुवात झाली आणि 19 जूनला शेवट. दर रविवारी एक अध्याय. मी एकदा जुन्या वर्षाचं कॅलेंडर मांडून मोजलं. त्या दोन तारखा धरून बरोबर अठरा रविवार भरतात. एकही खाडा नाही. धुळ्याचा मे महिना ज्याला ठाऊक आहे, त्यालाच त्या हजेरीची किंमत कळेल. दगडी भिंती रात्रीपर्यंत तापलेल्या असतात आणि माठातलं पाणीसुद्धा कोमट लागतं.

बोलणाऱ्याचं नाव आपल्याला माहीत असतं. लिहिणाऱ्याकडे जरा वेळ पाहावं. साने गुरुजींना लघुलेखन येत नव्हतं. यंत्र नव्हतं. माणूस मिनिटाला जितकं बोलतो त्याच्या निम्मंही हाताला लिहिता येत नाही. म्हणजे कान पुढच्या वाक्यावर, हात मागच्या वाक्यावर आणि मधली ओळ कुठेतरी हवेत धरून ठेवायची. त्यात बोलणारा विनोबांसारखा, ज्याच्या बोलण्यात फापटपसारा नाही. सोडून द्यावं असं वाक्य नाही. आज ‘गीता प्रवचने’ देशातल्या बहुतेक मोठ्या भाषांत वाचली जाते. ते पुस्तक बोटं दुखेपर्यंत लिहिलेल्या अठरा रविवारांचं आहे.

‘‘पण हे काउंटरकल्चर कसं?’’ भाचीनं विचारलं. ‘‘गीता तर सगळ्यांकडेच होती.’’

‘‘संस्कृतात होती. आणि ज्यांच्याकडे होती त्यांच्याकडे होती.’’ सरकारनं शिक्षा म्हणून कोंडलेली माणसं एका आवारात बसून आपल्या बोलीत तिचा अर्थ लावतात आणि एक जण तो उतरवून घेतो, बाहेरच्यांसाठी. तुरुंगाचा उपयोग माणसांना गप्प करण्यासाठी असतो. धुळ्याच्या तुरुंगाचा या लोकांनी भलताच उपयोग केला.

आणखी एक गोष्ट मी तिला त्या भिंतीपाशी सांगितली. पुढच्या वर्षी, 1933 च्या फेब्रुवारीत, साने गुरुजी नाशिकच्या तुरुंगात होते. तिथे चार-पाच दिवसांत त्यांनी ‘श्यामची आई’ लिहून काढलं. मला वाटतं, धुळ्यात हाताला जी सवय लागली, तीच नाशिकला कामी आली. आधी त्यांनी विनोबांचं बोलणं लिहून घेतलं, मग आठवणीतून आईचं. आई तर कधीच गेली होती. पण ज्याला ऐकून लिहायची सवय आहे, त्याला गेलेल्या माणसाचा आवाजही ऐकू येत असावा.

पांझरेच्या पुलावरून देवपुरात आलो, तेव्हा ऊन चढलं होतं. एकवीरा देवीच्या बाजूला नारळ-फुलांची दुकानं गजबजली होती. पुलाच्या कठड्याशी उभं राहून मी पुढच्या उफराट्याकडे वळलो. याचं घर मी दाखवलं नाही. माणूस पुस्तकांत जास्त सापडतो.

कॉम्रेड शरद पाटील धुळ्यातच 1925 साली जन्मले, धुळ्यातच 2014 साली गेले. चित्रकार व्हायला मुंबईला जे. जे.मध्ये गेले आणि कम्युनिस्ट होऊन परत आले. कामगारांत, मग आदिवासींत काम केलं. पक्षाला ते एकच सांगत राहिले, की आपल्या देशात वर्गाबरोबर जातीशीही लढावं लागेल. पक्षाला पटेना. 1978 साली त्यांनी वेगळा सत्यशोधक कम्युनिस्ट पक्ष काढला. त्या नावात मार्क्सच्या शेजारी जोतीराव फुले बसले होते. दोन्ही बाजूंचे लोक रागावले, म्हणजे माणूस बरोबर जागी उभा होता.

भाचीला सगळ्यात आवडलं ते पुढचं. चाळिशीत, चळवळीच्या धबडग्यात, हा माणूस बडोद्याला जाऊन पाणिनीचं व्याकरण शिकायला बसला. ज्या भाषेनं शूद्रांना दाराबाहेर ठेवलं, त्या भाषेचं कुलूप कसं चालतं, हे त्याला आतून पाहायचं होतं. त्यातून ‘दास-शूद्रांची गुलामगिरी’ आलं. मी उभं आयुष्य बँकेत काढलं, म्हणून मला हे माझ्या भाषेत असं दिसतं: विनोबांनी संस्कृतातून ठेव काढून लोकांना वाटली आणि शरद पाटलांनी बँकेचेच हिशेब तपासायला घेतले. कुणाच्या नावावर काय चढलं, कुणाचं नाव खोडलं, कुणाचं खातंच उघडलं नाही. राजवाड्यांनी कागद जमवले, पाटलांनी विचारलं, की ज्यांच्याकडे कागदच नव्हता त्यांचं काय?

‘‘ज्यांच्याकडे कागद नव्हता, त्यांची गल्ली कुठे आहे?’’ भाचीनं विचारलं.

‘‘तिथे पायी जाता येत नाही,’’ मी म्हणालो. ‘‘आग्रा रोडनं दक्षिणेला गेलं की लळिंगचा लांडोर बंगला लागतो. 1937 साली बाबासाहेब आंबेडकर एका खटल्यासाठी धुळ्यात आले तेव्हा तिथे राहिले होते. दर 31 जुलैला तिथे माणसांचा पूर येतो. तिकडे वर शहाद्याला 1970 नंतर आदिवासी बायांनी गावोगावचे दारूचे हंडे फोडले. तेव्हा तो धुळे जिल्हाच होता. हे सगळं एका सकाळीत कसं दाखवू?’’

दुसऱ्या दिवशी आम्ही जळगावला निघालो. अमळनेरपर्यंत एसटी, पुढे रेल्वे. अमळनेरला गाडीला वेळ होता, म्हणून स्टेशनबाहेर चहा घेतला. एवढंसं गाव, पण काय काय झालंय इथे. प्रताप शेठजींची गिरणी, तत्त्वज्ञान मंदिर आणि साने गुरुजींचं वसतिगृह. त्या वसतिगृहात गुरुजी मुलांसाठी ‘छात्रालय दैनिक’ काढायचे, स्वतःच्या हातानं लिहून. छापील नाही, हस्तलिखित. म्हणजे एकच प्रत, वाचायची तर जागेवर जाऊन वाचायची. हा लिहिणारा हात धुळ्याच्या तुरुंगात काही अचानक उगवला नव्हता.

आणि याच गावात 2024 च्या फेब्रुवारीत दोन मांडव पडले होते. एकात सत्त्याण्णवावं अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलन, दुसऱ्यात विद्रोही साहित्य संमेलन, तारखाही जवळजवळ त्याच. मी दोन्हीकडे गेलो होतो. या भांडणाचं मूळ फार जुनं आहे. 1885 साली ग्रंथकारांच्या सभेचं निमंत्रण आलं, तेव्हा जोतीराव फुल्यांनी पत्र लिहून नकार कळवला, की तुमच्या सभेत आमच्या माणसांचं काय आहे? त्या पत्राला सव्वाशेहून जास्त वर्षं झाली. 1999 साली धारावीत पहिलं विद्रोही संमेलन भरलं, अध्यक्ष बाबुराव बागूल. तिथून ते अमळनेरपर्यंत आलं. मला दोन्ही मांडवांत ओळखीची माणसं भेटली आणि काही माणसं तर दोन्हीकडे भेटली. चहा दोन्हीकडे सारखाच गोड होता.

जळगावात दुपारी पोहोचलो. आधी जेवण, भरीत आणि कळण्याची भाकरी खाल्ल्याशिवाय इथे कुठलीही संस्कृती बघू नये, ना मुख्य ना उलटी. मग जुन्या जळगावात चौधरी वाड्यात गेलो. इथे बहिणाबाई राहिल्या. आसोद्याची मुलगी, जन्म 1880 चा, तेराव्या वर्षी लग्न, तिशीत वैधव्य. शेत, चूल, जातं आणि पोरं. अक्षरओळख नाही. ओव्या मात्र पिठासारख्या पडत गेल्या. मुलगा सोपानदेव कवी होता. त्यानं आणि घरातल्या एका नातलगानं आईच्या तोंडून ऐकलेलं उतरवून ठेवलं. ती 3 डिसेंबर 1951 ला गेली. पुढे सोपानदेवांनी ती वही आचार्य अत्र्यांना दाखवली आणि 1952 साली पुस्तक आलं. आज आमच्या विद्यापीठाला तिचं नाव आहे. जिला सही करता येत नव्हती, तिचं नाव आता पदवीच्या प्रत्येक कागदावर असतं.

वाड्यात तिच्या संसारातल्या वस्तू मांडल्यात. भाची एकेक बघत पुढे सरकत होती. मी मात्र तिथेच थांबलो, कारण दोन दिवस जे सूत्र मी राखून ठेवलं होतं, ते आता सांगायची वेळ आली होती. मी म्हणालो, ‘‘तुमच्या हेट-ॲशबरीत गाणारे होते. आमच्याकडे लिहून घेणारे होते. राजवाडे, देव, साने गुरुजी, सोपानदेव. आमचं बंड मोठ्यानं बोललं नाही. दुसऱ्याचं म्हणणं वाया जाऊ द्यायचं नाही, एवढाच हट्ट धरून बसलं. म्हणून त्याची गल्ली नाही. जिथे कुणी बसून लिहून घेतलं, ती गल्ली.’’

मला वाटलं, बरं जमलं. भाचीनं मान हलवली आणि सहज विचारलं, ‘‘मग आजीच्या ओव्या कुणी लिहून घेतल्या?’’

मला उत्तर देता आलं नाही.

माझी माय अहिराणी बोलते. बहिणाबाईची बोली इकडची, लेवा पाटलांची. आमची तिकडची, धुळ्याकडची. लहानपणी पहाटे जात्याच्या घरघरीत मला जाग यायची आणि त्या घरघरीवर तिचा आवाज असायचा. मग शाळेत गेलो. तिथे एका मास्तरांनी ‘नही’ म्हटलं म्हणून हातावर छडी मारली, ‘नाही’ म्हणायला शिकवलं. मी शिकलो. इतका नीट शिकलो की घरीसुद्धा मायशी पुस्तकी बोलायला लागलो आणि मित्र घरी आले की ती बोलू नये असं वाटायचं. पुढे बँकेत लागलो. तीस वर्षं लोकांचे आकडे सुवाच्य अक्षरात लिहिले. एक पैशाची चूक नाही. मायच्या ओव्यांपैकी एकही माझ्या वहीत नाही. दोन दिवस मी भाचीला दुसऱ्यांचे उफराटे दाखवत हिंडलो. आमच्या घरात तेवढा एक सुलटा निघाला.

रात्री घरी आलो. माय जागी होती, गुडघ्यांवर गोधडी घेऊन पलंगावर बसलेली. भाची तिच्या शेजारी चढून बसली. ‘‘आजी, जात्यावरचं गाणं म्हण ना.’’

माय हसली. ‘‘जातंच नही ते गानं कसं येई?’’

खरंच होतं. ओवी पाठ केलेली नसते. ती हाताबरोबर येते. मूठ घातली की एक ओळ, खुंटा फिरला की दुसरी. जातं विकून चाळीस वर्षं झाली. भाचीनं हट्ट सोडला नाही. तिनं मायचा उजवा हात धरला, गोधडीवर ठेवला आणि गोल फिरवायला लागली. एक फेरा, दोन फेरे. माय ‘‘येडी पोर’’ म्हणाली. तिसऱ्या की चौथ्या फेऱ्याला हात आपोआप फिरायला लागला, भाचीनं आपला हात काढून घेतला तरी. मग खालून कुठून तरी, घसा खाकरल्यासारखा, तो आवाज आला.

भाचीनं फोन काढला. मायची नजर त्याच्याकडे गेली आणि आवाज जागच्या जागी थांबला. भाचीनं फोन उशीखाली सारला. हात पुन्हा फिरायला लागला.

मी टेबलावरची डायरी ओढली, खिशातलं पेन काढलं. पहिला शब्द लिहितो तो दुसरी ओळ येऊन गेली होती. दुसरी धरतो तो तिसरी. काही शब्द मला कळलेच नाहीत. माझ्याच आईच्या भाषेतले, मीच विसरलेले. थांबवून विचारावं, तर थांबवायची हिंमत होईना. मी सुवाच्य लिहायचा नाद सोडला. कान पुढे, हात मागे. बोटं दुखायला लागली, तेव्हा अठरा रविवारांचा तो माणूस आठवला.

माय पाचेक मिनिटं गायली असेल. मग हात थांबला, तिनं गोधडी गळ्यापर्यंत ओढली आणि दिवा घालवायला सांगितलं.

बाहेरच्या खोलीत येऊन डायरी पाहिली. सगळ्या मिळून सात ओळी लागल्या होत्या. त्यातल्या तीन पूर्ण होत्या, बाकी चारांत मध्येच मोकळी जागा. भाची म्हणाली, ‘‘उद्या विचारू तिला.’’ बँकेच्या सवयीनं मी त्या मोकळ्या जागांखाली पेन्सिलनं बारीक रेघ मारून ठेवली. येणे बाकी असलं की आम्ही तशी मारायचो.